काल्पनिक जगासाठी अनुनादाचा सिद्धांत कसा रचावा : आधी झीज, मग जादू

अद्भुतकथांच्या हस्तलिखितांत एक प्रसंग पुन्हा पुन्हा भेटतो. नायिका डोळे मिटते, दगडाची ‘वारंवारता’ ओळखते, तिच्याशी सूर जुळवते आणि बुरूज कोसळतो. पुढच्या प्रकरणात त्याच सुरानं ती ताप उतरवते, मग कुलूप उघडते, मग मेलेल्याला उठवते. तिसऱ्या चमत्कारापर्यंत वाचकाचा धीर सुटतो. अनुनाद हा शब्द वापरला म्हणून जादूचं शास्त्र होत नाही.

चूक बहुतेक वेळा कल्पनेत नसते, क्रमात असते. लेखक आधी ताकद ठरवतात, मग भारदस्त नावं, आणि मर्यादा सर्वांत शेवटी किंवा कधीच नाही. हा लेख तो क्रम उलटा करून दाखवतो. समजायला सोपं जावं म्हणून प्रत्येक टप्प्यावर एकच रचलेलं उदाहरण पुढे नेलं आहे : ओझरमाथा नावाच्या डोंगरी राज्यातला ‘जुळ्या कातळांचा सिद्धांत’. राज्य, सिद्धांत आणि तिथली माणसं काल्पनिक आहेत. आकडेमोड मात्र आपल्याच जगातल्या भौतिकशास्त्राची आहे.

## तयारी : लिहायला बसण्याआधी

अनुनादाबद्दल तीन वाक्यं पक्की हवीत. प्रत्येक वस्तूच्या डोलण्याच्या किंवा कंप पावण्याच्या स्वतःच्या नैसर्गिक वारंवारता असतात. त्यांपैकी एखादीच्या लयीत तिला ढकलत राहिलं, तर हेलकावे वाढत जातात. प्रत्येक फेरीत आत येणारी ऊर्जा आणि झिजून बाहेर जाणारी ऊर्जा सारखी झाली की वाढ थांबते. पहिली दोन वाक्यं सगळ्यांना पाठ असतात. तिसरं विसरलं की कथा बिघडते.

मग दोन गोष्टी हातानं करून पाहा.

पहिली : दोन खुर्च्यांमध्ये सुतळी ताणून बांधा आणि तिच्यावर सारखी दोन कुलपं अर्धा-अर्धा मीटर दोऱ्यानं लोंबकळत ठेवा. एक हलवा. थोड्या वेळानं दुसरं डोलू लागतं, पहिलं जवळपास थांबतं, आणि मग सगळं उलट घडतं. आता एका कुलपाचा दोरा १० सेंटिमीटरनं कमी करून पुन्हा पाहा. दुसरं कुलूप जेमतेम हलेल.

दुसरी : कुणाकडे सतार असेल तर तरफेच्या (मुख्य तारांखालच्या, न छेडता झंकारणाऱ्या) तारांवर कागदाच्या छोट्या घड्या बसवा आणि मुख्य तारेवर एकेक स्वर वाजवा. जी तरफ त्या स्वराला लावलेली आहे तिच्यावरचाच कागद थरथरतो, उडूनही पडतो. बाकीचे कागद तिथंच राहतात. ‘सूर जुळला’ असं पुढे लिहाल तेव्हा हे दृश्य डोळ्यांपुढे असू द्या.

वहीत एका पानाचे दोन रकाने करा. डावीकडे ‘आपल्या जगासारखंच’, उजवीकडे ‘माझी सवलत’. उजवा रकाना शेवटपर्यंत जवळपास रिकामा राहिला पाहिजे.

## टप्पा १ : तुम्हाला हवी ती घटना खरंच अनुनाद आहे का?

अनुनादाच्या नावाखाली चार वेगळ्या गोष्टी खपवल्या जातात.

प्रतिध्वनी. विजापूरच्या गोलघुमटात कुजबुज पलीकडच्या बाजूला ऐकू येते, टाळी अनेकदा परतते. इथं आवाज भिंतींवरून परावर्तित होऊन फिरतो. फेरीगणिक काही साठत नाही.

स्वयंप्रेरित कंपन. ७ नोव्हेंबर १९४० रोजी अमेरिकेतला टॅकोमा नॅरोज पूल पिळवटत कोसळला. त्याची चित्रफीत अनुनादाचं उदाहरण म्हणून वर्षानुवर्षं दाखवली गेली. वास्तविक वारा त्या लयीत झोत मारत नव्हता. तो एकसारखा वाहत होता आणि पुलाचं पिळवटणंच वाऱ्यातून ऊर्जा खेचून घेत होतं. बासरीही याच घराण्यातली : फुंकर सलग असते, लय बासरी ठरवते.

समकालन. १६६५ मध्ये डच शास्त्रज्ञ हायगेन्सला दिसलं की एकाच आधाराला टांगलेल्या दोन लंबकांच्या घड्याळांची लय आपोआप बांधली जाते. दोन्ही घड्याळं स्वतःच्या बळावर चालत होती, त्यांनी फक्त एकमेकांशी जुळवून घेतलं. लंडनचा मिलेनियम पूल १० जून २००० रोजी खुला झाला आणि दोन दिवसांत बंद करावा लागला. त्यात अनुनाद आणि समकालन दोन्ही मिसळलेले होते : पूल आडवा डोलू लागला आणि तोल सांभाळताना माणसांची पावलं नकळत त्याच्या डोलण्याशी जुळत गेली.

खरा अनुनाद. १८३१ मध्ये इंग्लंडमधल्या ब्रॉटन इथला झुलता पूल सैनिकांच्या एकसाथ पावलांखाली तुटला. सैन्यानं पुलावर पावलांची लय मोडून चालण्याची शिस्त त्यानंतर रुजली. बाहेरून येणारी ठरावीक लय, तिच्याशी जुळणारी आतली लय आणि फेरीगणिक साठत जाणारं डोलणं, हे तिन्ही तिथं होतं.

चारही प्रकारांतून उत्तम जादू निघू शकते. वाऱ्यातून स्वतःच ऊर्जा खेचणारं पिशाच्च मला तर बुरूज पाडणाऱ्या गायिकेपेक्षा जास्त भीतिदायक वाटतं. पण एक निवडा आणि कथाभर तेच पाळा.

> तपासणी : ढकलण्याची लय थोडी बदलली तर तुमच्या कथेतला परिणाम झपाट्यानं कमी होतो का? होत असेल तर तो अनुनाद. ढकलण्याला लयच नसेल तर तुम्ही दुसरं काहीतरी लिहीत आहात.

## टप्पा २ : एकच सवलत घ्या

काल्पनिक सिद्धांताला निसर्गनियमांतून एक सूट लागते, नाहीतर ते पाठ्यपुस्तक होईल. ती सूट एका वाक्यात मावली पाहिजे आणि त्या वाक्यात ‘आणि’, ‘शिवाय’, ‘तसेच’ हे शब्द नकोत.

ओझरमाथ्याची सवलत अशी : *एकाच खडकातून फुटलेले तुकडे कितीही लांब नेले तरी एकमेकांची कंपनं सोसतात.*

उजव्या रकान्यात एवढंच. दगड विचार वाहून नेत नाहीत, शब्द समजत नाहीत, भावना ओळखत नाहीत. एका तुकड्यात घातलेल्या ऊर्जेतलाच वाटा दुसऱ्यात जातो, नवी ऊर्जा तयार होत नाही. वाटेत अंतर आडवं येत नाही, बाकी सगळं येतं.

> सावधान : ‘विश्वातल्या प्रत्येक गोष्टीची एक मूळ वारंवारता असते आणि ती साधली की काहीही साधतं’ हे वाक्य सवलत म्हणून चालणार नाही. ज्या नियमानं काहीही साधतं, त्यातून कथेला अडचण मिळत नाही.

## टप्पा ३ : झीज ठरवा

लेखाचा गाभा हा टप्पा आहे. तो गाळून पुढे गेलात तर पुढचे टप्पे निरुपयोगी ठरतील.

वस्तूला एक ठोका देऊन सोडून द्या. ती ऐकू येण्याजोगी किती फेऱ्या घुमते? त्या संख्येला आपण तिचा घुमणांक म्हणू. भौतिकशास्त्रात याचं नाव क्यू-गुणक. आयाम, म्हणजे हेलकाव्याचा आवाका, मूळच्या ४ टक्क्यांवर उतरेपर्यंत जितक्या फेऱ्या होतात, साधारण तेवढा हा आकडा. लाकडाच्या ओंडक्याचा घुमणांक लहान, काशाच्या घंटेचा फार मोठा. चुन्यात बांधलेल्या दगडी भिंतीचा १०च्या आसपास, कारण प्रत्येक सांध्यात घर्षण होऊन कंपन उष्णतेत विरतं.

एकदा हा आकडा ठरला की तीन गोष्टी आपोआप ठरतात, आणि त्या तुम्हाला वेगवेगळ्या निवडता येत नाहीत :

१. वाढ. लय अचूक जुळली तर वस्तू एरवीच्या नुसत्या दाबानं हलली असती त्याच्या घुमणांकाइतकी पट हलते. घुमणांक ५०० असेल तर ५०० पट.

२. वेळ. ती वाढ गाठायला साधारण तितक्याच फेऱ्या लागतात. ५०० पट हवी असेल तर ५०० फेऱ्या न चुकता ढकलावं लागतं. थांबल्यावर विरायलाही तेवढ्याच.

३. हट्ट. घुमणांक जितका मोठा, तितकी वस्तू चुकीच्या सुराला कमी दाद देते. ५०० घुमणांकाच्या वस्तूला एक सहस्रांश चुकीच्या सुरानं ढकललं तर ३५० पट वाढ मिळते. एक टक्का चुकलात तर ५० पट. पाच टक्के चुकलात तर फक्त १० पट. सा आणि कोमल रे यांच्यातलं अंतर सुमारे ६ टक्के असतं, त्यावरून अंदाज घ्या. उलट १० घुमणांकाच्या भिंतीला पाच टक्के चुकीचा सूरही जवळपास चालतो (१०ऐवजी ७ पट), पण अचूक सुरानंसुद्धा तिच्यात १० पटींपलीकडे वाढ होत नाही.

म्हणजे प्रचंड ताकद, झटपट परिणाम आणि ढोबळ नेम एकत्र मिळू शकत नाहीत. ताकद हवी तर संथपणा आणि नेमकेपणाची किंमत द्यावी लागेल. तुमच्या जगातलं राजकारण, कारागिरी आणि शोकांतिका या देवाणघेवाणीतून निघतात.

आता बुरूज पाडणाऱ्या नायिकेकडे पाहू. साध्या बोलण्यातली ध्वनिशक्ती एका वॅटच्या लाखाव्या भागाच्या आसपास असते. कान दुखू लागण्याइतका मोठा आवाजही दर चौरस मीटरला सुमारे १ वॅटच देतो. भिंत त्याला १० पट वाढवते आणि तिथंच अडते. पातळ काचेचा पेला गाण्यानं फुटू शकतो, कारण तो हलका असतो आणि त्याचा घुमणांक मोठा असतो. भिंत फुटत नाही. तुमच्या कथेत ती फुटायलाच हवी असेल तर आधी कुणीतरी तिच्या आत, बांधकामाच्या वेळीच, उंच घुमणांकाचं काहीतरी चिणून ठेवलेलं असायला हवं. आता तुमच्याकडे गवंडी आहे, कट आहे आणि वीस वर्षं जुनं रहस्य आहे.

> तपासणी : वहीच्या डाव्या रकान्यात तुमच्या मुख्य वस्तूचा घुमणांक एका आकड्यात लिहिलेला आहे का? ‘खूप’ हा आकडा नव्हे.

## टप्पा ४ : वस्तूला मापं द्या

कथेत आकडे दिसायची गरज नाही. वहीत ते असलेच पाहिजेत.

ओझरमाथ्याचा जुळा कातळ म्हणजे काळ्या पाषाणाची पट्टी : लांबी १ मीटर, जाडी ५ सेंटिमीटर. अशी मोकळी पट्टी मधोमध वाकून कंप पावते तेव्हा तिचा मूळ सूर २५० हर्ट्झच्या (सेकंदाला २५० कंपनांच्या) आसपास येतो. रुंदीनं सुरात फारसा फरक पडत नाही. जाडी दुप्पट केली तर सूर दुप्पट. लांबी दुप्पट केली तर सूर एक चतुर्थांश. लांबीचा परिणाम वर्गानं होत असल्यामुळे १ मीटरमध्ये अर्धा सेंटिमीटर चूक झाली तरी सूर एक टक्का सरकतो, आणि वरच्या हिशोबानं ५०० पटीची ५० पट होते. पाथरवटाच्या छिन्नीचा एक चुकार घाव आणि जोडी बहिरी.

घुमणांक ५०० धरला तर ५०० फेऱ्यांना २५० हर्ट्झवर २ सेकंद लागतात. एक खूण उमटायला २ सेकंद, विरायला २ सेकंद. म्हणजे एका गडावरून दुसऱ्या गडावर मिनिटाला १५ खुणा. यापेक्षा वेगानं निरोप जाऊ शकत नाही, सेनापती कितीही ओरडला तरी. घुमणांक २००० असलेला उंची दगड वापरला तर शेजारच्या सुरांचा गोंधळ कमी होतो, पण खुणा मिनिटाला चारांच्याही खाली येतात. लढाईच्या दिवशी कोणता दगड टांगायचा यावरून दरबारात भांडण झालंच पाहिजे.

इथल्या नेहमीच्या तीन चुका :

*एका वस्तूची एकच वारंवारता मानणं.* आपल्या पट्टीचा पुढचा सूर मूळ सुराच्या सुमारे २.७६ पट आहे, म्हणजे ६९० हर्ट्झच्या जवळ. तो दुप्पट किंवा तिप्पट नाही, म्हणून दगडी पट्टी तारेसारखी गोड वाजत नाही. साध्या ताणलेल्या कातड्याचे अधिस्वरही (मूळ सुरासोबत उमटणारे वरचे सूर) असेच विसंगत असतात. तबला-मृदंगाच्या पुडीवरची शाई त्यांना पटीत आणून बसवते, हे सी. व्ही. रामन यांनी १९२० मध्ये दाखवलं. तुमच्या जगातल्या कारागिरांनाही अशी एखादी शाई सापडू द्या.

*आकार आणि सूर यांचा मेळ न घालणं.* हवेच्या पोकळीवर यंत्र चालवायचं असेल तर खालून बंद, वरून उघड्या विहिरीला २ हर्ट्झचा सूर देण्यासाठी सुमारे ४३ मीटर खोली लागते. तळाशी ३ मीटर पाणी आलं की सूर सुमारे साडेसात टक्क्यांनी चढतो. म्हणजे पावसाळ्यात ते यंत्र बंद. चार बोटांच्या डबीतून जमीन हादरवणारा खर्ज काढू नका.

*हवामान विसरणं.* हवेतला ध्वनीचा वेग तापमानाच्या दर अंशाला सेकंदाला सुमारे ०.६ मीटरनं वाढतो. पहाट आणि दुपार यांत १० अंशांचा फरक असेल तर नळीचा सूर पावणेदोन टक्के सरकतो. पहाटे जुळवलेला मंत्र दुपारी चालणार नाही. याचं कारण कथेत कुणाला तरी ठाऊक असावं, आणि ते त्यानं सांगू नये.

## टप्पा ५ : मोजणार कोण आणि कशानं?

ज्या जगात सेकंद नाहीत तिथं ‘२५० हर्ट्झ’ म्हणणारं पात्र वाचकाला बाहेर फेकतं. मापं त्या जगातलीच हवीत, आणि आपल्याकडे तयार माल आहे. १ घटिका २४ मिनिटांची, तिचे ६० पळ, पळाचे ६० विपळ. विपळ म्हणजे ०.४ सेकंद, एक गुरू अक्षर उच्चारायचा काळ. अशी दहा अक्षरं म्हणजे एक प्राण, ४ सेकंद.

जुळ्या कातळावर लक्ष ठेवणाऱ्या अधिकाऱ्याला ओझरमाथ्यावर नादनीस म्हणतात. फडणीस, चिटणीसांच्या पंगतीत बसेल असा हुद्दा. ठोका दिल्यावर तो पाच गुरू अक्षरं संथ लयीत म्हणतो. पाचव्या अक्षराला नाद विरला तर दगड निरोगी. दगडांची जोडी जुळवताना तो दोन्ही एकदम वाजवतो आणि आवाजाचा चढ-उतार, म्हणजे विस्पंद, मोजतो. तंबोरा लावणाऱ्याला हा कान असतोच. एका प्राणात एकापेक्षा जास्त विस्पंद आला तर जोडी नापास. हिशोब करून पाहा : ४ सेकंदांत एक म्हणजे पाव हर्ट्झचा फरक, म्हणजे एक सहस्रांश चूक, म्हणजे ३५० पट वाढ. हुद्देदाराची रीत आणि तुमची वही एकमेकांना धरून आहेत.

कारागिरीचा क्रमही एकदा लिहून ठेवा :

१. पट्टी दोन्ही टोकांपासून लांबीच्या २२ टक्क्यांवर, म्हणजे इथं २२ सेंटिमीटरवर, दोरीत टांगायची. मूळ सुरात पट्टीचे हे दोन बिंदू जवळपास हलत नाहीत, म्हणून दोरी नाद खात नाही. मधोमध आधार दिला तर दगड मुका.

२. सूर चढवायचा तर टोकं घासायची. उतरवायचा तर मधला भाग खालून पातळ करायचा.

३. आधी सूर थोडा उतरलेला ठेवायचा आणि टोकं घासत वर यायचं. पातळ केलेला मध्य पुन्हा जाड होत नाही.

४. शेवटचं जुळवणं मेणानं. पखवाजाच्या धुम्याला कणीक लावतात तसा मेणाचा गोळा टोकाला चिकटवला की सूर किंचित उतरतो.

> सावधान : घासकाम सुरू करण्याआधी टांगणी बरोबर आहे का ते पाहायचं. चुकीच्या जागी टांगलेला दगड लवकर विरतो, कारागीर त्याला दोष समजून घासत बसतो आणि चांगला दगड वाया जातो. शिकाऊ पात्राच्या पहिल्या प्रकरणासाठी ही चूक उत्तम.

## टप्पा ६ : सिद्धांत त्यांच्या तोंडून, त्यांच्या चुकांसह

तुम्हाला जे माहीत आहे ते सगळं त्या जगातल्या पंडितांना माहीत नसतं. त्यांचा सिद्धांत त्यांच्या भाषेत, दोन-तीन सूत्रांत लिहा आणि त्यात किमान एक गोष्ट चुकीची किंवा अनुत्तरित ठेवा.

ओझरमाथ्याचे पंडित म्हणतात : फुटलेला दगड सोबत्याला शोधतो. शोध लांबला तर नाद लांबतो. सोबती भेटला तर दोघांचा नाद एक होतो. काव्य बरं आहे. पण ताज्या फोडलेल्या जोड्या एका सुराऐवजी दोन जवळजवळचे सूर देतात आणि नाद इकडून तिकडे हेलकावतो. तयारीतल्या दोन कुलपांचंच हे वागणं : जोड फार घट्ट असली की एक सूर फुटून दोन होतात. जोड हळूहळू सैल होते तसे ते मिटतात. पंडितांना हे कळत नाही. एक पंथ त्याला दगडांचा रुसवा म्हणतो आणि त्यासाठी शांतीचा विधी करतो, दुसरा पंथ ताजी जोडी वर्षभर पुरून ठेवतो. पुरणाऱ्यांची रीत योग्य ठरते, त्यांनी दिलेलं कारण चुकीचं असूनही. एवढं पुरे. विद्यापीठाचा इतिहास लिहायला बसू नका.

## टप्पा ७ : परिणाम शेवटपर्यंत ओढा

इथं घाई करू नका. सवलतीचं वाक्य पुन्हा वाचा आणि विचारा : याचा गैरवापर कोण करेल?

‘एकाच खडकातून फुटलेले तुकडे’ असं लिहिलं आहे, ‘दोन तुकडे’ असं नाही. म्हणजे तिसरा तुकडा असेल तर तोही ऐकेल. खाणीतली प्रत्येक मोठी कपची मग राजगुपित ठरते. खडक फोडताना वजनाची नोंद, उरलेल्या तुकड्यांची मोजदाद, चुरा नदीत सोडण्याचा हुकूम, खाणकामगारांची झडती, आणि खाणीत मेलेल्या माणसाच्या मुठीत सापडलेली पट्टी, हे सगळं त्या एका वाक्यात दडलेलं होतं.

पण ऊर्जा फुकट नाही, हेही डाव्या रकान्यात आहे. तिसरा दगड ऐकतो म्हणजे तो पहिल्या दोघांच्या नादातला वाटा खातो. झीज वाढते, घुमणांक ५००वरून समजा ४००वर येतो, नाद २ सेकंदांऐवजी १.६ सेकंदांत विरतो. नादनिसाच्या मोजणीत पाच अक्षरांची चार होतात. चोर कुठं आहे ते त्याला कळत नाही, चोर आहे एवढं कळतं. रोज सकाळी पाच अक्षरं म्हणणारा एक म्हातारा अधिकारी चौथ्या अक्षराला थांबतो : पहिल्या प्रकरणाचा शेवट तयार आहे आणि त्यात एकही चमत्कार नाही.

आता हेर काय करेल? तो आपला दगड एक टक्का बेसूर ठेवेल. मग त्याच्या दगडात दहाव्या हिश्श्यानंच हालचाल होईल, पण जोडीच्या नादातून चोरी जाणवण्याइतकी झीज होणार नाही. त्याला फार तीक्ष्ण कानाचा माणूस लागेल. नादनीस यावर काय करेल? दर अमावस्येला दोन्ही गडांवर मेणाचे गोळे ठरल्याप्रमाणे बदलेल, म्हणजे जोडीचा सूरच सरकेल. मग गोळ्यांची वही हीच सर्वांत मौल्यवान वस्तू. आणि वैशाखात एका गडावरचं मेण मऊ पडलं तर?

असा डाव-प्रतिडाव निदान तीन पायऱ्या तरी खेळा. प्रत्येक पायरीला नवा नियम लागत असेल तर टप्पा ३ नीट झालेला नाही, परत जा.

परिणामांचं दुसरं अंग म्हणजे निवड. अनुनाद सगळ्यांना सारखा झोडपत नाही. १९ सप्टेंबर १९८५च्या भूकंपाचं केंद्र मेक्सिको सिटीपासून साडेतीनशे किलोमीटरहून लांब, पॅसिफिक किनाऱ्याला होतं. तरी शहराचा जो भाग जुन्या तळ्याच्या गाळावर वसला आहे तिथली जमीन सुमारे २ सेकंदांच्या लयीत डोलत राहिली आणि त्या लयीला जुळणाऱ्या मध्यम उंचीच्या इमारती जास्त पडल्या. त्यांच्या शेजारच्या अनेक बुटक्या आणि फार उंच इमारती टिकल्या. तुमच्या जगातलं संकट असंच चोखंदळ ठेवा. एका गल्लीतली तीन घरं पडतात, चौथं उभं राहतं, आणि गाव त्याला देवाचा कोप किंवा चौथ्या घरातल्या बाईची करणी समजतं. कारण वहीत आहे, गावाला माहीत नाही.

> तपासणी : सिद्धांतामुळे रोजगार मिळालेले तीन लोक आणि गमावलेला एक जण यांची नावं लिहा. ओझरमाथ्यावर : नादनीस, मेणकरी, खाणीचा झडतीदार, आणि निरोप नेणारा जासूद, ज्याचा घोडा आता विकायला काढला आहे.

## टप्पा ८ : पानावर उतरवताना

वही पूर्ण झाली की मोह होतो ती वाचकापुढे उलटी करण्याचा. तो आवरा. पुढच्या क्रमानं जा.

१. पहिल्या प्रसंगात यंत्र नीट चालताना दाखवा, तेही घाईतल्या माणसाच्या हातून. ठोका, पाच अक्षरं, नोंद, पुढचं काम. समजावणं नको.

२. दुसऱ्या प्रसंगात ते बिघडलेलं दाखवा. झीज इथं पहिल्यांदा जाणवू द्या.

३. तिसऱ्यात कुणाला तरी ते दुरुस्त करावं लागू द्या. टांगणी, घासणी, मेण हे तपशील आता वाचक आनंदानं वाचेल, कारण त्याला निकाल हवा आहे.

४. सूत्रं सांगायचीच असतील तर यानंतर, आणि शक्यतो भांडणात.

संवादात ‘वारंवारता’, ‘ऊर्जा’, ‘कंपनलहरी’ हे शब्द आले की लाल खूण करा. नादनीस ‘दगड आज लवकर झोपतोय’ म्हणेल. मेणकरी ‘सूर जड झालाय’ म्हणेल. या बोलीची यादी वहीच्या मागच्या पानावर करा आणि कोणतं पात्र कोणता शब्द वापरतं ते ठरवून टाका. पंडित आणि पाथरवट एकाच गोष्टीला एकच नाव देत नाहीत.

शेवटी कथेतला कळसाचा प्रसंग घ्या आणि वही शेजारी ठेवून चार प्रश्न विचारा. लय कोण देतंय? किती वेळ देतंय, आणि तेवढा वेळ प्रसंगात आहे का? झीज कुठून होतेय? सूर एक टक्का हलला तर काय? चौथ्या प्रश्नाचं उत्तर ‘काहीच फरक पडत नाही’ असं आलं, तर कळसातून अनुनाद काढून टाका आणि तिथं साधी कुऱ्हाड वापरा. तीही चालते.